मेमसाहेबांच्या केसांना तेल

एमआरटीत, म्हणजे सिंगापूरच्या मेट्रोत, समोर बसलेली बाई माझ्याकडे बघते, मग फोनमध्ये बघते, पुन्हा माझ्याकडे बघते. मला आता याची सवय झाली आहे. सेरंगून स्टेशन यायच्या आत ती विचारतेच, "आँटी, तुम्ही पॉलिक्लिनिकमध्ये होता का?" मी नाही म्हणते. "मग आमच्या ब्लॉकमध्ये राहायचात?" तेही नाही. शेवटी ती मला आपल्या मुलाच्या बालवाडीतली स्वयंपाकीण ठरवते आणि समाधानानं उतरून जाते. मी टीव्हीत काम करते असं सांगितलं तर ती विचारणार, कशात? मी मालिकेचं नाव सांगितलं की म्हणणार, ती तर मी सगळी पाहिली आहे.

इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकासाठी "आमची सिंगापूरची तारका" या मथळ्याखाली लिहा, असा संपादकांचा आग्रह होता. मी म्हटलं, मथळा बदला, नाहीतर कोऱ्या पानावर नुसता फोटो छापा आणि खाली लिहा, ओळखा पाहू. त्यांना ते विनोदी वाटलं. मी गंभीरपणे बोलत होते.

आमच्या धंद्यात सगळ्यात खाली असतो कॅलेफेअर. इथे गर्दीतल्या नटाला हा शब्द आहे. त्यानं बस स्टॉपवर उभं राहायचं, हॉकर सेंटरच्या खाऊगल्लीत एकच गार झालेला भात दिवसभर चिवडत बसायचं आणि कॅमेऱ्याकडे बघायचं नाही. त्याच्या वरच्या पायरीवर मी. माझा चेहरा दिसतो, दोनचार वाक्यं असतात, पात्राला नाव बहुधा नसतं. 'शेजारीण', 'रुग्णाची आई', 'तक्रार करणारी आँटी'. एकदा मला नाव मिळालं होतं, मिसेस पिल्लै, पण ते दारावरच्या पाटीवर होतं आणि मी दाराच्या आत होते.

मराठी बाई सिंगापूरच्या टीव्हीत नसतेच, भारतीय बाई असते. तिला मोठी टिकली, जरीची साडी आणि कायम चढलेला आवाज असतो. मसाल्याच्या एका जाहिरातीत दिग्दर्शक मला सारखा सांगत होता, "आँटी, मोअर इंडियन, कॅन?" मी जन्मानं पुण्याची, उभं आयुष्य भारतीय. त्याच्यावर आणखी कुठून आणायचं? शेवटी मी मान हलवली. तो खूश झाला.

मात्र एकदा फजिती झाली. इस्पितळाच्या मालिकेत मी तरुण मुलाच्या प्रेतावर पडून रडणारी आई होते. दिग्दर्शक म्हणाला, "तुमच्या भाषेत काहीही बोला, कुणाला कळणार आहे?" कॅमेरा सुरू झाला आणि माझं डोकं रिकामं. डोळ्यांतून पाणी मात्र छान येत होतं. मी हंबरडा फोडून म्हणाले, "अगं बाई, इस्त्रीचं बटण बंद केलं की नाही गं मी!" आणि हेच चारपाचदा, वेगवेगळ्या आर्ततेनं. सेटवरची एक मुलगी खरंच रडली. भाग दाखवला गेला, आणि मरीन परेडपासून सेरंगूनपर्यंत मराठी घरांत लोक गडाबडा लोळले. गणपतीत आरतीच्या रांगेत कुणीतरी मागून हळूच विचारलं, "काकू, होती ना बंद इस्त्री?" माझ्या मुलीनं, ईशानं, महिनाभर मला दुसरं काही विचारलं नाही.

पण संपादकांना हवी आहे ती डोरीनबाईंची हकिकत. त्या गेल्या वर्षी विलायतेत वारल्या, म्हणून आता सांगायला हरकत नाही. तोवर मी शब्दानं बांधलेली होते.

डोरीनबाई म्हणजे तिकडच्या सिनेमा-टीव्हीतल्या जुन्या चरित्र अभिनेत्री. पन्नासेक वर्षं त्यांनी पोस्टातली बाई, घरमालकीण, पाद्र्याची बहीण आणि संशयी नर्स अशी कामं केली. इंग्रजी मालिकांत दर आठवड्याला कुणाचा तरी खून होतो आणि प्रेत सापडायला एक वयस्क बाई लागते. हे प्रेत शोधण्याचं काम वर्षानुवर्षं डोरीनबाईंकडे असायचं. मला म्हणाल्या, "चहाचा ट्रे न सांडता किंचाळणं ही माझी खासियत." इंग्लंडात बसमध्ये लोक त्यांनाही विचारायचे, तुम्ही आमच्या शाळेत शिकवायला होता का? हे ऐकलं आणि मला सख्खी बहीण भेटल्यासारखं झालं.

इंग्लंडची एक कंपनी इथे मालिका करायला आली होती. गोष्ट रबराच्या मळेवाल्याच्या विधवेची. नवरा गेलेला, मळा विकलेला, मेमसाहेब कायमची मायदेशी निघाली आहे. ती मेमसाहेब डोरीनबाई. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच गोष्ट त्यांच्याभोवती फिरत होती. आणि तिची जन्माची आया मी. पुलाउ उबीन बेटावरच्या एका जुन्या बंगल्यात चित्रण होतं. रोज सकाळी चांगीच्या धक्क्यावरून बमबोटीनं, म्हणजे छोट्या लाकडी होडीनं जायचं, सूर्य कलला की परत. बेटावर रानडुकरं मोकाट, आणि त्यांनी पहिल्याच दिवशी मेमसाहेबांच्या टेबलावरची सजवलेली फळं खाऊन टाकली. दुसरा त्रास विमानांचा. समोरच विमानतळ. दर थोड्या वेळानं डोक्यावरून विमान जायचं, आवाज टिपणारा हात वर करायचा आणि सगळे जिथल्या तिथे थांबायचे. म्हणजे जे काही बोलायचं ते दोन विमानांच्या मधे.

माझी तालीम घरी, बाथरूममध्ये. शेवटच्या भागात मेमसाहेब आयेला विलायतेला चल म्हणते, मोठं भाषण करते, आणि आया उत्तर देते, "मेमसाहेब, तुमचं बाळ इथे मातीत आहे. त्याच्याजवळ कुणीतरी राहायला हवं." आया समोर येऊन गुडघ्यांवर बसते आणि हे बोलते, तेव्हा पडद्यावर फक्त तिचा चेहरा. असा चेहराभर शॉट मला उभ्या आयुष्यात कुणी दिला नव्हता. मी आरशासमोर ते वाक्य इतक्या वेळा म्हटलं की माझे यजमान श्रीकांत बाहेरून म्हणाले, "अगं राहा की मग, कोण नको म्हणतंय?"

डोरीनबाईंनी मला धंद्यातल्या बऱ्याच गोष्टी शिकवल्या. म्हणाल्या, "सेटवर कधी रिकाम्या हातानं जाऊ नकोस. हातात भाजी असली की तुला चौकटीतून काढताना त्यांना भाजीही काढावी लागते." म्हणाल्या, "नायिकांची कामं चाळिशीत संपतात, आपली तेव्हा सुरू होतात. फक्त आपली संपली हे कुणी आपल्याला कळवत नाही." इंग्रजीत तू आणि तुम्ही एकच, पण त्यांचं बोलणं मला 'तू' म्हणूनच ऐकू यायचं. माझ्यापेक्षा त्या वीसेक वर्षांनी मोठ्या होत्या.

दोनतीन दिवसांत माझ्या लक्षात आलं की बाई फार पाणी पितात. वाक्याच्या मधेच थांबून पाणी मागायच्या. नाहीतर खोकला यायचा. नाहीतर मानेवर फटका मारून "डास" म्हणायच्या. डास नव्हता. डासांना मी आवडते, असता तर आधी मला चावला असता. टॉम नावाचा तरुण इंग्रज दिग्दर्शक समजूतदारपणे "पुन्हा घेऊ" म्हणायचा, पण त्याच्यामागे निर्मात्यांची माणसं आपसांत बोलायला लागली होती.

एका दुपारी व्हरांड्याच्या पायरीवर आम्ही दोघी नासी लेमाकची, म्हणजे नारळाच्या दुधातल्या भाताची पुडकी उघडून बसलो होतो. मी विचारलं नाही. त्याच बोलल्या.

"मला वाक्यं येतात. ती वेळेवर येत नाहीत, एवढंच. रात्री अंथरुणात पडलं की सगळी येतात."

"टॉमला सांगितलंत?"

"टॉमला सांगितलं तर त्याला विमा कंपनीला सांगावं लागेल. ते मला उद्याच्या विमानात बसवतील. माझ्या जागी येणारी बाई लंडनमध्ये सामान बांधून तयार आहे, मी तिला ओळखते." मग थोडा भात खाल्ला आणि म्हणाल्या, "यानंतर मी घरी बागेत बसणार आहे, मला माहीत आहे. पण हे एक पुरं होऊ दे. आणि मी जिवंत असेपर्यंत कुणाला बोलू नकोस."

मी हो म्हटलं. मला खरं तर भीती वाटत होती. ते मोठं भाषण पुढ्यात होतं. ते बोलता आलं नाही तर खोकला आणि डास पुरणार नव्हते. कानात यंत्र घालून सांगावं तर सगळ्यांना कळणार, मागून कुजबुजावं तर साडीत आणि झग्यात लपवलेले माईक ते टिपणार.

त्या संध्याकाळी बोटीची वाट बघताना त्यांचं डोकं दुखत होतं, म्हणून मी सवयीनं त्यांच्या मागे बसून कानशिलं चोळली. आपल्याकडे डोकं दुखलं की डॉक्टरच्या आधी हेच. बाईंनी डोळे मिटले आणि भाषणातला मधला भाग, जिथे त्या दुपारी तीनदा अडकल्या होत्या, तो धडाधड म्हणून दाखवला. माझी बोटं थांबली तशा त्याही थांबल्या. बोटं सरकवली, पुढे बोलू लागल्या. 

मग आठवडाभर आम्ही तेच केलं. भांगावरून बोट फिरवलं की लग्न होऊन बोटीतून उतरलेली नवरी. कानशिलांवर तापानं गेलेलं बाळ. कानामागे रबराची झाडं आणि नवरा. मानेच्या खळग्यात परतीची बोट. आणि दोन्ही तळवे टाळूवर ठेवले की शेवटचं वाक्य, "मग तिकडे मला ओळखणारं कोण असेल?" लोकांना वाटायचं, म्हातारी स्थानिक बाईकडून फुकट मालिश करून घेते आहे. एकदोघं माझ्याकडे कीव करून बघायचे.

टॉमला मी म्हटलं, मूळ प्रसंगात आया सामान बांधते आहे, त्याऐवजी ती मेमसाहेबांच्या केसांना शेवटचं तेल लावते असं करू या. आमच्याकडे असंच असतं. तो उडालाच. "सो ऑथेंटिक!" या शब्दाचा मला अनुभव आहे. तो निघाला की काहीही खपतं. मसाल्याच्या जाहिरातीत मी याच शब्दाच्या जोरावर फोडणीत टोमॅटो केचप घातलं आहे.

खपलं नाही ते फक्त मे लिंगला. मे लिंग आमची केस करणारी. सिंगापुरी चिनी, हातात कायम कंगवा, जिभेवर कायम तक्रार. डोरीनबाईंचे पांढरे केस ती रोज पहाटेपासून कुरळे करून मेमसाहेबी वळणात बसवायची.

"आँटी, तेल? रिअल तेल?" ती म्हणाली. "वन टाइम लागलं, फिनिश. परत ड्राय करायला हाफ डे लाह."

म्हणजे प्रसंग एकदाच घेता येणार होता. कोरडे केस एकदाच असणार. टॉमनं म्हणून दोन कॅमेरे लावले, एक डोरीनबाईंच्या चेहऱ्यावर, दुसरा त्यांच्या पुढ्यातल्या जमिनीवर, जिथे मी येऊन गुडघे टेकणार होते. तेवढ्या जागेवर त्यांनी रंगीत चिकटपट्टीची खूण केली, दिवे लावले, माझ्या उंचीची मुलगी बसवून उजेड बघितला. माझ्या चेहऱ्यासाठी एवढी तयारी मी कधी पाहिली नव्हती. मी चक्क लाजले.

विमान गेलं. आवाज टिपणाऱ्याचा हात खाली आला. मी वाटीतलं खोबरेल तळव्यावर घेतलं.

भांग. डोरीनबाई नवरी झाल्या. कानशिलं. बाळाचं बोलताना त्यांचा आवाज इतका साधा लागला की मी ऐकतच राहिले असते. पण मी बोटांवरच लक्ष ठेवलं, कारण माझा हात चुकला तर वाक्य चुकणार होतं. कानामागे नवरा आला, मानेच्या खळग्यात परतीची बोट आली. एकही घोट पाणी नाही. मग त्या थांबल्या, आणि माझी वेळ झाली. आता उठायचं, समोर यायचं, गुडघे टेकायचे, आणि माझं वाक्य. त्यानंतर त्यांचं शेवटचं.

मी हात उचलायला गेले आणि बोटांखाली मला त्यांची मान जाणवली. ती माझ्या हातामागे येत होती. अगदी किंचित. मी समोर गेले की शेवटच्या वाक्याला टाळूवर तळवे कोण ठेवणार? ही गोष्ट आमच्या एवढ्या तालमीत दोघींनाही सुचली नव्हती. पायरीवर बसून तालीम करताना मी नेहमी मागेच बसलेली असायचे आणि माझं वाक्य तिथूनच म्हणायचे.

समोर उजेडात ती चिकटपट्टी दिसत होती.

मी जागची हलले नाही. मागूनच म्हटलं, "मेमसाहेब, तुमचं बाळ इथे मातीत आहे. त्याच्याजवळ कुणीतरी राहायला हवं." आणि दोन्ही तळवे टाळूवर ठेवले. डोरीनबाईंनी शेवटचं वाक्य म्हटलं. लांबून पुढच्या विमानाची घरघर सुरू झाली.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. टॉमचे डोळे ओले होते. ते पुसून तो माझ्याकडे आला. "आँटी, तुम्ही समोर आला नाहीत?"

"विसरले," मी म्हटलं.

त्यानं माझ्या खांद्यावर थोपटलं. "इट्स ओके. या वयात होतं असं." डोरीनबाई शेजारीच होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही, पाणी मागितलं. त्या दिवशीचं ते एकच पाणी खऱ्या तहानेचं असावं. केस तेलानं थबथबले होते, ऊन कललं होतं, बोटवाला हाका मारत होता, आणि बंगल्यातला तो आमचा शेवटचा दिवस होता. माझा शॉट राहिला तो राहिलाच.

मालिका लागली तेव्हा आमच्या फ्लॅटमध्ये मंडळातली बरीच माणसं जमली होती, मी साबुदाण्याची खिचडी केली होती. प्रसंग आला. डोरीनबाईंचा चेहरा, पांढरे केस, आणि त्यांत फिरणारे दोन हात, हिरव्या बांगड्या. मागून आवाज. श्रीकांत म्हणाले, "आवाज तुझाच आहे." जोशीकाकू म्हणाल्या, "हात छान दिसलेत हो." नंतर खिचडीचं कौतुक झालं. मी स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडला आणि रडले. मला तो चेहरा हवा होता. मंडळातल्या लोकांना नाही, एमआरटीतल्या बायकांना नाही, मलाच एकदा बघायचा होता.

'विसरले' हा शब्द आमच्या छोट्या धंद्यात लगेच फिरला. आँटी चांगल्या आहेत, पण विसरतात. मला वाक्यांची कामं येईनाशी झाली, प्रेतांची येऊ लागली. प्रेताला पाठांतर लागत नाही. मी बाथटबमध्ये, लिफ्टमध्ये, एकदा तर व्हॉइड डेकवर, म्हणजे ब्लॉकखालच्या मोकळ्या जागेत, मंगलाष्टकं चालू असताना मेले आहे. ईशा रात्री फोनवर विचारायची, "आई, टुडे ऑल्सो डेड आह?"

तिकडे डोरीनबाईंचं नाव झालं. आयुष्यभराची प्रेतं एका भाषणात भरून निघाली. त्यांची एक मुलाखत ईशानं मला पाठवली. मुलाखत घेणाऱ्यानं विचारलं, एवढं लांब भाषण एका दमात कसं केलंत? बाईंनी आधी पाण्याचा घोट घेतला. मग म्हणाल्या, "तिथे एक बाई होत्या. माझे केस करायच्या. त्यांचे हात..." आणि थांबल्या. नाव आठवत नव्हतं, की गुपित सांभाळत होत्या, हे मी ती मुलाखत पुन्हा पुन्हा लावूनही ठरवू शकले नाही. मला राग आला. मग मला वाईट वाटलं, आणि ते रागापेक्षा जास्त टिकलं.

दुसऱ्याच दिवशी मे लिंगचा फोन आला. लगेच भेट म्हणाली. मरीन परेडच्या हॉकर सेंटरमध्ये तिनं माझ्यासाठी कोपी, म्हणजे इथली कॉफी, आणि नारळाच्या जॅमचा काया टोस्ट आधीच मागवून ठेवला होता. मुलाखतीचा तो तुकडा तिनं फोनवर माझ्यासमोर तीनदा लावला.

"आँटी, शी रिमेंबर मी, यू नो," ती म्हणाली. "सो मेनी पीपल. शी रिमेंबर माय हँड." तिचे डोळे भरले होते. तिच्या धंद्यातही नाव कुणी घेत नाही. नटी सुंदर दिसली की नटीचं कौतुक, केस विस्कटले की मे लिंगला हाक.

ती टेबलापलीकडून माझ्याकडे बघत राहिली. मी काय म्हणते याची वाट बघत होती. अगदी समोर, हातभर अंतरावर, भर उजेडात. मी तिचा हात हातात घेतला आणि म्हटलं, "शंभर टक्के तूच. मी तिथेच होते, मी पाहिलंय." माझ्या चेहऱ्यावर जे काही आलं असेल ते नीट आलं असावं, कारण तिनं ते खरं मानलं आणि टोस्टची दुसरी बशी मागवली.

आता ती मरीन परेडलाच स्वतःचं दुकान चालवते. भिंतीवरच्या टीव्हीवर तो तुकडा सतत चालू असतो. तुमच्यापैकी बरेच जण त्या बाजूला राहतात. केस कापायला तिच्याकडेच जा, हात खरोखर चांगला आहे, आणि टीव्हीकडे बघून, "हे तुमच्याबद्दल का?" असं जरूर विचारा. तिला मराठी वाचता येत नाही, म्हणून हे इथे लिहिलं. तिच्यासमोर मात्र बोलू नका.